मोजकेच काप : आग्नेश ह्रानित्स्की यांचं संकलन

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित अंश)

हंगेरियन भाषेत चित्रपटाच्या संकलकाला ‘वागो’ म्हणतात. वागो म्हणजे कापणारा. लाकूडतोड्यासाठी त्या भाषेत जो शब्द आहे त्यातही हाच वागो येतो. आपण मराठीत संकलक म्हणतो, म्हणजे गोळा करून एका जागी मांडणारा. एकाच धंद्याकडे पाहण्याच्या या दोन उलट्या दिशा आहेत. हंगेरियन माणसाला त्या खोलीतली कात्री दिसली, मराठी माणसाला चिकटवणं दिसलं. खरं तर दोन्ही कामं त्याच टेबलावर, त्याच माणसाच्या हातून होतात. पण आज मी ज्या बाईंबद्दल बोलणार आहे त्यांच्या बाबतीत आपला मराठी शब्दच जास्त जवळचा वाटतो, कारण त्यांच्या चित्रपटांत कापणं फार थोडं आहे.

त्यांचं नाव आग्नेश ह्रानित्स्की. जन्म 1945 चा, पूर्व हंगेरीतल्या देरेच्के या गावचा. बेला तार या दिग्दर्शकाचं नाव चित्रपटवेड्या मंडळींना ठाऊक असतं. लांबच लांब शॉट, चिखल, पाऊस, काळंपांढरं जग, असं काहीसं त्या नावाबरोबर डोळ्यांपुढे येतं. 1981 पासून 2011 पर्यंत, म्हणजे तीस वर्षं, तार यांच्या जवळपास सगळ्या पूर्ण लांबीच्या चित्रपटांचं संकलन ह्रानित्स्की यांनी केलं. शेवटच्या तीन चित्रपटांवर तर सहदिग्दर्शक म्हणूनही त्यांचं नाव आहे. दोघं पतिपत्नीही होते.

आता थोडा हिशेब मांडतो, कारण आकड्यांशिवाय या कामाचं वेगळेपण कळत नाही. नेहमीच्या व्यावसायिक चित्रपटात हजार-दीड हजार शॉट सहज असतात. ‘वेर्कमाइस्टर हार्मोनीज’ हा 2000 सालचा चित्रपट दोन तास पंचवीस मिनिटांचा आहे आणि त्यात शॉट आहेत एकोणचाळीस. म्हणजे अख्ख्या चित्रपटात सांधे अडतीस. 2011 सालच्या ‘द टुरिन हॉर्स’मध्ये अडीच तासांत तीस शॉट. सरासरी काढली तर एकेक शॉट पाच मिनिटांचा. सात तासांहून मोठ्या ‘शातान्तांगो’मध्ये दीडशेच्या आसपास. मग कुणीही विचारेल, आणि मलाही कितीदा विचारलं गेलं आहे, की या चित्रपटांना संकलक लागतो कशाला? अडतीस ठिकाणी फिल्म जोडायला तीस वर्षांचा अनुभव हवा का?

या प्रश्नाचं उत्तर शोधायचं तर थोडं मागं जावं लागेल, कारण लांब शॉटची ही रीत हंगेरीत तार यांच्यापासून सुरू झालेली नाही.

हंगेरी हा देश लहान, पण चित्रपटाच्या बाबतीत त्याचा इतिहास चमत्कारिक आहे. 1919 साली तिथे काही महिने टिकलेलं कम्युनिस्ट सरकार आलं आणि त्याने चित्रपटउद्योगाचं राष्ट्रीयीकरण करून टाकलं, सोव्हिएत रशियाच्याही आधी. ते सरकार पडलं आणि त्या उलथापालथीच्या वर्षात अनेक जण देशाबाहेर गेले. पुढे लंडनमध्ये मोठा निर्माता झालेला अलेक्झांडर कोर्डा त्यांतला. ‘कासाब्लांका’चा दिग्दर्शक मायकेल कर्टिझ, मूळचा केर्तेस मिहाय, तोही त्यांतलाच. क्लोजअपमध्ये माणसाचा चेहरा काय काय बोलू शकतो यावर ज्यांनी पहिल्यांदा गंभीरपणे लिहिलं ते बेला बालाश हेही हंगेरियनच, आणि तेही तेव्हाच बाहेर पडले. त्यांचं चित्रपटावरचं पहिलं पुस्तक 1924 चं.

दुसरं राष्ट्रीयीकरण 1948 चं. हे मात्र चाळीस वर्षं टिकलं. चित्रपट काढायचा तो सरकारी स्टुडिओत आणि सरकारच्या पैशाने. 1956 चा उठाव रशियन रणगाड्यांनी चिरडला गेला, आणि नंतरच्या यानोश कादार यांच्या राजवटीत कलांबाबत एक सूत्र रूढ झालं. हंगेरियन भाषेत ते तीन ‘ट’चं सूत्र म्हणून ओळखलं जातं. एका ‘ट’चा अर्थ पाठिंबा, दुसऱ्याचा चालवून घेणं, तिसऱ्याचा बंदी. प्रत्येक पुस्तक, नाटक, चित्रपट या तीनपैकी एका कप्प्यात पडायचा. मधला कप्पा सगळ्यांत मोठा होता आणि हंगेरियन सिनेमातलं उत्तम ते बहुतेक त्याच कप्प्यात जन्मलं.

याच काळात मिक्लोश यान्चो आले. ‘द राउंडअप’ हा त्यांचा 1966 चा चित्रपट. गोष्ट एकोणिसाव्या शतकातली, ओसाड पठारावरच्या एका कोंडवाड्यात डांबलेल्या बंडखोरांची. पण हंगेरीत ज्याने तो पाहिला त्याला 1956 आठवलंच. याचा त्या घटनेशी काही संबंध नाही असं यान्चो यांना जाहीरपणे सांगावं लागलं होतं. ते कुणी खरं मानलं नाही, आणि मानावं अशी सांगणाऱ्याची इच्छाही नसावी. पुढच्या काही वर्षांत यान्चो यांचे शॉट लांबत गेले. 1972 च्या ‘रेड साम’मध्ये तीसच्याही आत शॉट. त्या चित्रपटासाठी त्यांना कानला उत्कृष्ट दिग्दर्शकाचा पुरस्कार मिळाला. 1974 च्या ‘इलेक्ट्रा’मध्ये तर सत्तर मिनिटांत बाराच.

पूर्व युरोपातल्या देशांच्या वकिलाती सत्तरच्या दशकात आपल्याकडच्या फिल्म सोसायट्यांना चित्रपटांच्या प्रती देत असत. फेडरेशनमार्फत त्या गावोगाव फिरायच्या. यान्चो यांचा पहिला चित्रपट मी असाच, एका शाळेच्या हॉलमध्ये लाकडी बाकावर बसून पाहिला. कॅमेरा रुळांवरून सरकतोय, घोडे गोल फिरतायत, मुली गाताहेत, सैनिक येतायत, कुणीतरी मरतंय, आणि मध्ये कुठे कट म्हणून नाही. माझ्या शेजारचे गृहस्थ हळूच म्हणाले, ‘संकलकाला सुटी दिलेली दिसते.’ तेव्हा आम्ही हसलो. त्या संकलकांचं नाव झोल्तान फारकाश. यान्चो यांच्या त्या काळातल्या एकामागून एक चित्रपटांवर तेच नाव आहे. इतक्या चांगल्या दिग्दर्शकाने सुटीवर असलेल्या माणसाला इतकी वर्षं का सांभाळलं असतं, हे काही आम्हाला सुचलं नाही.

यान्चो चित्रीकरण चालू असताना ओरडून सूचना द्यायचे, त्यामुळे मूळ ध्वनी वापरताच येत नसे. संवाद, गाणी, टापा, चाबूक, सगळं नंतर बसवावं लागे. पडद्यावर सलग दिसणाऱ्या दहा मिनिटांच्या खाली ध्वनीचे कितीतरी तुकडे असत. तिथे कात्री चालत होती, फक्त ती डोळ्यांना दिसत नव्हती.

त्याच काळात तिथे उलट्या टोकाचंही काम चाललं होतं, नाहीतर हंगेरियन सिनेमा म्हणजे लांब शॉट असा भलताच समज व्हायचा. झोल्तान हुसारिक यांच्या 1971 च्या ‘सिंदबाद’मध्ये आठवणी अक्षरशः ठिणग्यांसारख्या येतात. रश्श्यावरचे तेलाचे थेंब, फुलाची पाकळी, विझता निखारा, केसांची बट, क्षणभर दिसतात आणि जातात. संकलक मिहाय मोरेल. त्याच वर्षीच्या कारोय मक्क यांच्या ‘लव्ह’मध्ये मरणाला टेकलेल्या म्हाताऱ्या आईच्या मनातली चित्रं अशीच लखलखून जातात. तिचा मुलगा राजकीय तुरुंगात आहे आणि सून तिला तो अमेरिकेत मोठा झाल्याच्या खोट्या चिठ्ठ्या वाचून दाखवते. संकलक ग्योर्ग्य शिवो. सांगायचं एवढंच की हंगेरीत संकलनाची विद्या कच्ची नव्हती. ज्यांना भराभर कापता येत होतं तेच न कापण्याचाही विचार करत होते.

ह्रानित्स्की या परंपरेतल्या. आणि त्यांची तार यांच्याबरोबरची सुरुवात लांब शॉटने झाली नाही, हे मला महत्त्वाचं वाटतं. तार यांचा जन्म 1955 चा, म्हणजे ते ह्रानित्स्की यांच्याहून दहा वर्षांनी लहान. बाविशीत त्यांनी ‘फॅमिली नेस्ट’ हा पहिला चित्रपट केला तेव्हा संकलक दुसऱ्या होत्या, आना कोर्निश. ‘द आउटसायडर’पासून, म्हणजे 1981 पासून, ह्रानित्स्की आल्या. हे सुरुवातीचे चित्रपट म्हणजे घरांच्या टंचाईत पिचलेली माणसं, भांडणं, दारू, सिगारेटी, हातात धरलेला कॅमेरा आणि चेहऱ्यांच्या अगदी जवळून घेतलेले शॉट. माणसं एकमेकांचं बोलणं तोडून बोलतात आणि कॅमेरा एका तोंडावरून दुसऱ्याकडे धावतो. अशा कामात संकलकाला क्षणाची उसंत नसते.

1982 च्या ‘द प्रीफॅब पीपल’मध्ये त्यांनी एक गोष्ट केली आहे, ती पाहण्यासारखी आहे. चित्रपट सुरू होतो तो नवरा बॅग भरून घर सोडून जातोय इथून. बायको रडते, अडवते, तो जातो. मग त्यांचा संसार दिसू लागतो. लग्नाचा वाढदिवस, पोरं, पाहुणे, कंटाळा. आपण धरून चालतो की हे मागचं सांगणं आहे. आणि बऱ्याच वेळाने तोच घर सोडण्याचा प्रसंग पुन्हा येतो. तीच बॅग, तेच रडणं. या वेळी आपण ते पाहतो तेव्हा त्या माणसांना ओळखत असतो. त्यानंतर काही खुलासा नाही, एकदम दोघं दुकानात धुलाईयंत्र घेताना दिसतात आणि शेवटी ट्रकच्या उघड्या हौद्यात त्या यंत्राशेजारी गप्प बसून घरी चाललेली. तो परत कधी आला, का आला, हे दाखवणारा प्रसंगच नाही. ती जागा मोकळी सोडलेली आहे. मला विचाराल तर ह्रानित्स्की यांचं पुढचं सगळं काम त्या मोकळ्या जागेत बीजासारखं आहे.

त्याच वर्षी तार यांनी दूरचित्रवाणीसाठी ‘मॅकबेथ’ केला, तासाभराचा, आणि त्यात शॉट दोनच. पहिला पाच मिनिटांचा, दुसरा सत्तावन्न मिनिटांचा. हे जमलं कारण तो व्हिडिओवर घेतला होता. फिल्मवर ते शक्य नव्हतं. पस्तीस मिलिमीटरच्या कॅमेऱ्यात बसणारा मोठ्यात मोठा नेहमीचा रोल हजार फुटांचा, म्हणजे तीनशे मीटरचा, आणि तो अकरा मिनिटांत संपतो. फिल्म कंपनीने घातलेली ही मर्यादा म्हणजे एक सेन्सॉरशिपच आहे अशी तार यांची कायमची तक्रार असे. खरी सेन्सॉरशिप सोसलेल्या माणसाने हे म्हणावं, यात थोडा विनोदही आहे. ते ज्या ‘तार्शुलाश’ नावाच्या स्टुडिओत होते तो 1981 ला निघाला आणि 1985 ला अधिकाऱ्यांनी बंद करून टाकला.

1985 मध्येच लास्लो क्रास्नाहोरकाई यांची ‘शातान्तांगो’ ही कादंबरी आली. हेच ते क्रास्नाहोरकाई, ज्यांना 2025 चं साहित्याचं नोबेल मिळालं. तार यांना ती ताबडतोब पडद्यावर आणायची होती, पण त्या काळात ते जमणं शक्य नव्हतं. मग दोघांनी मिळून ‘डॅम्नेशन’ लिहिला. तो 1988 मध्ये पडद्यावर आला आणि इथून आपण ज्याला तार यांची शैली म्हणतो ती सुरू होते. पहिल्याच शॉटमध्ये कोळशाच्या बादल्या आकाशातून तारेवर लटकत चालल्यात, करकर आवाज करत. कॅमेरा इतका हळू मागं येतो की तो हलतोय हेही आधी समजत नाही. मग खिडकीची चौकट दिसते, मग एका माणसाच्या डोक्याची मागची बाजू. इतका वेळ आपण जे पाहत होतो ते हा माणूस पाहत होता. दुसऱ्या कुणी हे तीन शॉट करून सांगितलं असतं, बादल्या, खिडकी, माणूस. इथे तीन गोष्टी एकाच शॉटमध्ये, पण त्याच क्रमाने येतात. कट नाही, संकलन आहे. फक्त ते टेबलावर न होता चित्रीकरणाच्या जागीच झालं आहे.

आणि इथेच सुरुवातीच्या प्रश्नाचं अर्धं उत्तर आहे. ह्रानित्स्की चित्रीकरणाच्या वेळी हजर असत. नेहमीच्या पद्धतीत संकलक स्टुडिओतल्या बंद खोलीत बसलेला असतो आणि रशेसचे डबे त्याच्याकडे येतात. त्याच्या हाताशी एकाच प्रसंगाचे दूरचे, मधले, जवळचे असे पाच-दहा शॉट असतात. नटाचं एखादं वाक्य फसलं तर तो दुसऱ्याचा चेहरा दाखवून वेळ मारून नेतो. दहा मिनिटांच्या सलग शॉटला अशी पळवाट नाही. नवव्या मिनिटाला कुत्रा भलतीकडे गेला की सगळं पहिल्यापासून. म्हणून आठव्या मिनिटाला लय सैल झाली, इथे कॅमेरा लवकर वळला, तो माणूस अजून थोडा थांबायला हवा होता, हे त्याच वेळी, तिथेच सांगणारं कुणी लागतं. दोन महिन्यांनी खोलीत बसून सांगून उपयोग नाही. तार यांनी मुलाखतींतून हे पुनःपुन्हा सांगितलं आहे की ह्रानित्स्की पहिल्यापासून शेवटपर्यंत बरोबर असतात आणि चित्रपट दोघांचा असतो.

‘शातान्तांगो’ अखेर राजवट बदलल्यावर झाला आणि 1994 मध्ये दाखवला गेला. लांबी सात तास एकोणीस मिनिटं. मध्ये दोन सुट्या देऊन दाखवतात. मी पाहिला तेव्हा माझा एक मित्र पहिल्या भागात डुलकी काढून उठला आणि म्हणाला, ‘काही चुकलं का?’ खरं सांगायचं तर त्याचं चुकलं होतं, पण पडद्यावर तेच दोघं त्याच रस्त्याने चाललेले होते, पाठमोरे. हा चित्रपट पाहणं ही परीक्षा आहे हे मी नाकारत नाही. पण पहिला शॉट घ्या. पडकं खेडं, चिखल, आणि गोठ्यातून गाई बाहेर पडतात. हळूहळू एकेक करत सगळा कळप येतो, रेंगाळतो, आणि कॅमेरा घरांच्या भिंतींआडून त्यांच्याबरोबर सरकत राहतो. आठेक मिनिटं. एकही माणूस नाही. शेवटी गाई वळून दिसेनाशा होतात. उरलेल्या सात तासांत या गावाचं काय होणार आहे ते या गाईंनी सांगून टाकलेलं असतं.

संकलनाच्या दृष्टीने ‘शातान्तांगो’ तार यांच्या चित्रपटांत सगळ्यांत अवघड. कादंबरी टँगो नाचाच्या पावलांवर रचलेली आहे, सहा प्रकरणं पुढे, सहा मागे. चित्रपटातही बारा भाग आहेत. काही प्रसंग दोनदा येतात, दुसऱ्या बाजूने. दारू आणायला निघालेल्या लठ्ठ, आजारी डॉक्टरला रात्रीच्या पावसात एक लहान मुलगी धावत येऊन बिलगते. तो तिला झिडकारतो. तेव्हा ती कोण, कुठून आली, आपल्याला ठाऊक नसतं. बऱ्याच वेळाने त्या मुलीचा स्वतंत्र भाग येतो. घरातून झिडकारलेली एश्तिके. दारूच्या गुत्त्याच्या खिडकीतून ती आत नाचणारी मोठी माणसं पाहते, आणि मग पुन्हा तोच डॉक्टर समोर येतो. या वेळी आपल्याला माहीत असतं की तिला धरणारा तो शेवटचा माणूस असू शकला असता. त्याच्या पुढच्या भागात आपण गुत्त्याच्या आत असतो आणि तोच नाच, तेच अकॉर्डियन, न संपणारं. आत नाचणाऱ्यांना बाहेरचं काही माहीत नाही. आपल्याला मात्र ती मुलगी मेली आहे हे ठाऊक आहे. दीडशे शॉट कुठल्या क्रमाने ठेवायचे, मुलगी आधी की नाच आधी, या एका निर्णयावर तो नाच विनोदी वाटणार की असह्य, हे ठरतं. कादंबरीत तो क्रम होता हे खरं. पण कागदावर वाचक पान उलटून मागं जाऊ शकतो. चित्रपटात संकलकाला प्रेक्षकाच्या आठवणीवर भरवसा ठेवावा लागतो, तासातासाने मागं गेलेल्या आठवणीवर.

दुसरी गोष्ट, शॉट संपवायचा कुठे. माणूस दाराबाहेर पडला की कट, हा आपल्या सवयीचा नियम. ह्रानित्स्की यांच्या संकलनात माणूस जातो आणि दार तसंच राहतं. भिंत राहते, पावसाचा आवाज राहतो. दहा सेकंद, वीस सेकंद, कधी त्याहून जास्त. आधी वाटतं विसरल्या की काय. मग आपण भिंत पाहू लागतो. थोडं कमी असतं तर नुसता उशीर झाल्यासारखं वाटलं असतं, थोडं जास्त असतं तर ढोंग. मधलं ते नेमकं ठिकाण आकडेमोडीने सापडत नाही. ते पाहणाऱ्याच्या अंगात असावं लागतं. तबल्याची साथ करणाऱ्याने मोकळी सोडलेली मात्रा ऐकणाऱ्यांना हे जास्त सांगायला नको.

‘वेर्कमाइस्टर हार्मोनीज’ला तीनेक वर्षं लागली. पैसे संपायचे, काम थांबायचं, पुन्हा सुरू व्हायचं. छायालेखक बदलत गेले, एकूण सात झाले. सात जणांनी वेगवेगळ्या वेळी घेतलेल्या एकोणचाळीस शॉटचा चित्रपट एकाच डोळ्याने पाहिल्यासारखा दिसतो. हा डोळा कुणाचा, याचं उत्तर त्या सात नावांत नाही. शिवाय मुख्य भूमिकांत जर्मन नट होते, लार्स रुडोल्फ, पेटर फिट्झ, हाना शिगुला. पडद्यावर ते हंगेरियन बोलतात, म्हणजे आवाज दुसऱ्यांचे. दहा दहा मिनिटं चेहऱ्यावरून न हटणाऱ्या शॉटमध्ये परका आवाज ओठांवर बसवायचा, आणि तोंड लपवायला कट नाही.

याच चित्रपटात जमाव रुग्णालयावर चालून जातो तो प्रसंग आहे. आठेक मिनिटांचा एक शॉट. दंगल म्हटली की आपण आरडाओरडा, तुकडे तुकडे, धावता कॅमेरा अपेक्षितो. इथे कुणी ओरडत नाही. माणसं एका खोलीतून दुसरीत जातात, आजाऱ्यांना खेचतात, मारतात, वस्तू फोडतात, कारखान्यात काम करावं तशी. कॅमेरा त्यांच्याबरोबर. मग दोघं एक पडदा ओढून फाडतात आणि आत न्हाणीच्या टबात एक नागडा, हाडांचा सापळा झालेला म्हातारा उभा असतो. सगळे थांबतात. मिहाय वीग यांचं संगीत इथे सुरू होतं. जमाव गुपचूप मागं वळतो. हा शॉट मध्ये कुठेही कापला असता तर आपल्याला श्वास घ्यायला जागा मिळाली असती, आणि हिंसा ‘दृश्य’ झाली असती. मी मुंबईत 1993 च्या जानेवारीत राहिलेला माणूस आहे. पडद्यावरच्या दंगली पाहून मला सहसा काही होत नाही. हा शॉट मी पुन्हा पाहिलेला नाही.

इथून ह्रानित्स्की यांचं नाव सहदिग्दर्शक म्हणून येऊ लागलं. पुढचा ‘द मॅन फ्रॉम लंडन’ कॉर्सिका बेटावर सुरू झाला आणि 2005 च्या फेब्रुवारीत निर्माते उम्बेर बाल्साँ यांनी आत्महत्या केल्याने बंद पडला. तो पुरा होऊन कानला पोचेपर्यंत 2007 उजाडलं. मग ‘द टुरिन हॉर्स’, ज्याला 2011 मध्ये बर्लिनला परीक्षक मंडळाचा मोठा पुरस्कार मिळाला. श्रेयनामावलीत नाव असूनही वर्तमानपत्रांत, पुस्तकांत, चर्चांत हे तिन्ही चित्रपट ‘बेला तार यांचे’ असतात. मीही या भाषणात कितीदा तसंच म्हणालो ते तुम्ही ऐकलंच. दिग्दर्शक हाच चित्रपटाचा एकमेव कर्ता असं मानण्याची सवय आपल्याला पन्नासच्या दशकातल्या फ्रेंच समीक्षेने लावली आणि फिल्म सोसायट्यांनी ती पक्की केली. त्यातून दिग्दर्शकांना मान मिळाला हे चांगलंच झालं. पण संकलन हे चित्रपटातलं असं काम आहे की ते उत्तम झालं तर नाहीसं होतं, आणि जिथे कटच अडतीस आहेत तिथे ते दुहेरी नाहीसं होतं. त्यात ती संकलक दिग्दर्शकाची पत्नी असली की लोक ‘मदत करत असेल’ म्हणून मोकळे होतात. तार यांनी स्वतः असं कधी म्हटलेलं नाही. ते चित्रपटाच्या पाटीवर नावं एकत्र लिहीत आले. पाटी वाचायची तसदी आपण घेतली नाही.

‘द टुरिन हॉर्स’मध्ये एक म्हातारा, त्याची मुलगी, एक घोडा, बाहेर न थांबणारा वारा, आणि सहा दिवस. मुलीचं काम एरिका बोक यांनी केलं आहे, ‘शातान्तांगो’मधली एश्तिके तीच. रोज दोघांचं एकच जेवण, प्रत्येकी एक उकडलेला बटाटा. म्हाताऱ्याचा एक हात निकामी, तो एका हाताने, चटके खात, अधाशासारखा साल काढतो. पहिल्या दिवशी कॅमेरा त्याच्यावर आहे. दुसऱ्या दिवशी तोच बटाटा, तेच टेबल, पण आता मुलगी दिसते, सावकाश खाणारी. पुढे दोघं एकत्र. घडतं तेच, पण आपण कुठे बसलो आहोत ते दर दिवशी बदलतं. यान्चो यांच्या घोड्यांपासून इथवर हंगेरियन सिनेमाने केवढा पल्ला गाठला, आणि शेवटी एकच घोडा उरला, तोही चारा न खाणारा.

यानंतर पूर्ण लांबीचा कथापट करणार नाही असं तार यांनी जाहीर केलं. 2013 मध्ये त्यांनी सारायेव्होला चित्रपटांची एक शाळा काढली, ती काही वर्षं चालली. ह्रानित्स्की यांच्या कारकिर्दीचा मोठा भागही तिथेच संपतो. 2019 मध्ये ‘शातान्तांगो’ मूळ फिल्मवरून नव्याने डिजिटल करून बर्लिन महोत्सवात दाखवला गेला. आता रोलची अकरा मिनिटांची अडचण कुणालाच नाही. डिजिटल कॅमेऱ्यावर तासभराचा शॉटही घेता येतो आणि पुष्कळ जण घेतात. पण त्यांतल्या बऱ्याच शॉटमध्ये मला ते कुठे थांबवायचं हे कुणी ठरवलं होतं असं जाणवत नाही. ‘द टुरिन हॉर्स’चा शेवटचा शॉट सहाव्या दिवसाचा आहे. दिवा पेटत नाही, वारा थांबला आहे, बटाटे कच्चेच आहेत. बाप एक घास चावून पाहतो, मुलीला खा म्हणतो, ती हलत नाही. प्रकाश हळूहळू कमी होत जातो, आणि त्यापुढे जोडायला काही ठेवलेलं नाही.